११ मिनिटं ४९ सेकंद

श्रोते हो, नमस्कार.

पहाटे कुठल्याही तालुक्याच्या गावाबाहेर पडा. डांबरी रस्त्याच्या कडेनं पोलीस भरतीची तयारी करणारी पोरं-पोरी पळताना दिसतात. ग्राउंड, म्हणजे मैदानी चाचणी, ५० मार्कांचं. मुलांना १६०० मीटर, मुलींना ८०० मीटर, शिवाय १०० मीटर आणि गोळाफेक. हे आकडे त्यांना तोंडपाठ असतात. पण ते कुणी आणि कशावरून ठरवले, हे विचारायला त्यांना सवड कुठली?

कॅनडातल्या एका बाईवर हे विचारायची वेळ आली. तिचं नाव टॉनी मायोरिन. ब्रिटिश कोलंबिया प्रांताच्या वनखात्यात, वणवा लागला की सर्वांत आधी पोचणाऱ्या तिघांच्या तुकडीत ती होती. तीन वर्षं तिनं हे काम नीट केलं होतं. १९९४ मध्ये सरकारनं नवी चाचणी आणली. अडीच किलोमीटर ११ मिनिटांत धावायचं. मायोरिन चार वेळा धावली. तिची सर्वांत चांगली वेळ आली ११ मिनिटं ४९.४ सेकंद. तिची नोकरी गेली.

तिच्या कामगार संघटनेनं दाद मागितली. लवादानं तिच्या बाजूनं कौल दिला, अपील न्यायालयानं तो फिरवला, आणि प्रकरण कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं. ९ सप्टेंबर १९९९ ला निकाल लागला. एकमतानं, तिच्या बाजूनं.

या निकालातला मला सर्वांत मोलाचा वाटणारा भाग चाचणी तयार कशी झाली याचा आहे. संशोधकांनी आधीपासून काम करणाऱ्या जवानांची क्षमता मोजली होती. त्यात बहुतेक पुरुष. त्यांना जे जमत होतं, तोच निकष झाला. आग विझवायला दम किती लागतो आणि यांच्यात किती आहे, हे दोन प्रश्न एकमेकांत मिसळून गेले. परिणाम असा, की पहिल्या प्रयत्नात ६५ ते ७० टक्के पुरुष पास होत आणि बायका जेमतेम ३५ टक्के. न्यायमूर्ती बेव्हर्ली मॅक्लाक्लिन यांनी लिहिलेल्या निकालपत्रानं सरकारला विचारलं, की तेवढा दम नसला तर काम सुरक्षित होतच नाही, हे दाखवता का? सरकारला ते दाखवता आलं नाही. चाचणीच नको, असं मात्र न्यायालयानं कुठंही म्हटलेलं नाही. वणव्यात दुबळा माणूस धाडणं कुणालाच परवडत नाही.

आपल्याकडेही असे प्रश्न कोर्टात गेलेत. राजस्थानात वनरक्षक भरतीत मुलींच्या छातीचं माप घेत. त्या धावण्याच्या परीक्षेत पास, आणि टेपनं नापास! २०२३ मध्ये राजस्थान उच्च न्यायालयानं हा प्रकार स्त्रीच्या प्रतिष्ठेला धक्का देणारा ठरवला आणि फुप्फुसांची ताकद तपासायला दुसरा मार्ग शोधा, असं राज्याला सांगितलं. भरती होऊन गेली होती, त्यामुळे याचिका करणाऱ्या मुलींना मात्र नोकरी मिळाली नाही. मला हे फार लागलं.

महाराष्ट्रात डिसेंबर २०२२ मध्ये तृतीयपंथी उमेदवारांचा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयापुढे आला. पोलीस भरतीच्या अर्जात त्यांच्यासाठी रकानाच नव्हता. तो ठेवायला सरकार तयार झालं. त्यांनी किती आणि कसं धावायचं, याचे नियम २८ फेब्रुवारी २०२३ पर्यंत करा, असं न्यायालयानं बजावलं.

आता ग्राउंडची तयारी करणाऱ्यांसाठी एक कामाची गोष्ट. निमूटपणे चाचणी द्यायची आणि नापास झाल्यावर निकषच चुकीचा म्हणायचं, हे आपली न्यायालयं सहसा ऐकून घेत नाहीत. म्हणून जाहिरात आली की उंची-छाती-वेळेचा तक्ता आधी वाचा. एखादी अट कामाशी जुळत नाही असं वाटलं, तर तेव्हाच लेखी हरकत द्या आणि पोच घेऊन ठेवा.

नमस्कार.