कैद्याचा होकार

पडदा काही क्षण मुद्दाम कोरा ठेवलाय. फक्त ऐका.

एक उघडा माणूस टेबलावर उताणा. हातपाय धरून ठेवलेत. त्यानं अन्न सोडलंय, म्हणून डॉक्टर त्याच्या नाकातून नळी आत सरकवतायत. नळीला वर नरसाळं. डॉक्टरांच्या ओठात सिगारेट, आणि तिची लांबलेली राख नरसाळ्यावरच लोंबतेय. मध्येच दुसरं दृश्य येतं. तोच माणूस आता मृत आहे, आणि पुरण्याआधी कुणीतरी हलक्या हातानं त्याची दाढी करतंय.

यातलं कुणीही नट नाही. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या ब्रिजवॉटर इथं, मनोरुग्ण कैद्यांच्या संस्थेत, १९६६ साली फ्रेडरिक वाइझमन यांनी हे टिपलं. त्यांचा हा माहितीपट, 'टिटिकट फॉलीज', १९६७ मध्ये तयार झाला आणि राज्य सरकार कोर्टात गेलं. म्हणणं असं, की कैद्यांच्या खासगीपणाचा भंग झाला. १९६९ च्या निकालानंतर तो फक्त डॉक्टर, वकील, न्यायाधीश, अभ्यासक अशांनाच दाखवता येई. सामान्य प्रेक्षकांसाठी बंदी उठली ती थेट १९९१ मध्ये.

आक्षेप खोटा नव्हता. आपण कुठं आहोत याचंही भान नसलेल्या माणसाचा 'हो' कसा धरायचा? पण त्या बंदीनं संस्थेचीही अब्रू झाकली, हे विसरून चालणार नाही.

शुद्धीवरच्या कैद्याचं तरी काय सोपं असतं? कॅमेरा आत येतो तो जेलरच्या परवानगीनं. कुठली बराक दाखवायची, कुणाला बोलू द्यायचं, हेही बहुतेक वेळा तिथंच ठरतं. 'नाही' म्हटलं तर साहेब नाराज होतील का? 'हो' म्हटलं तर सुटका लवकर होईल का? हा हिशेब डोक्यात ठेवूनच तो सही करतो. शिक्षा संपते, चित्रफीत राहते. उद्या त्याची मुलगी ती बघेल. ज्यांचं माणूस त्याच्या हातून गेलं, तेही बघतील, आणि त्यांना तर कुणी विचारलेलंही नसतं.

१९७८ मध्ये न्यू जर्सीतल्या रॉवे तुरुंगातले जन्मठेपेचे कैदी वाट चुकलेल्या पोरांवर ओरडताना 'स्केअर्ड स्ट्रेट!' या माहितीपटात दिसले. पोरं सुधारावीत म्हणून कैद्यांनीच सुरू केलेला तो उपक्रम होता. माहितीपटाला ऑस्कर मिळालं. अशा उपक्रमांनी पोरांमधली गुन्हेगारी घटत नाही, उलट वाढू शकते, असं पुढं अभ्यासांतून दिसलं. लोकांच्या लक्षात मात्र राहिले ते ओरडणारे चेहरे.

सुरुवातीचं दृश्य आम्ही दाखवलं नाही, फक्त सांगितलं. ज्याच्या नाकात नळी होती, त्याला आता विचारता येत नाही.