फौजा गेल्या, आता पगार कोण देणार? काबूलच्या तिजोरीची गोष्ट

नमस्कार मंडळी!

१५ ऑगस्ट २०२१. तालिबान काबूलमध्ये शिरलं. विमानाच्या मागे धावणारी माणसं आपण सगळ्यांनी पाहिली. पण कॅमेरे निघून गेल्यावर काबूलमध्ये दुसरी गर्दी झाली, बँकांच्या दारात. खात्यात लाखो असले तरी आठवड्याला २०० डॉलर किंवा २० हजार अफगाणी एवढेच काढता येत होते. अफगाणी म्हणजे तिथलं चलन. लोक पहाटेपासून रांगेत उभे, आणि नंबर लागेपर्यंत आतली रोकड संपलेली.

आजचा व्हिडिओ या रांगेबद्दल आहे. काबूलचं सरकार किती टिकणार हे ओळखायचं असेल तर त्याच्याकडे सैनिक किती हे मोजत बसू नका. त्या सैनिकांचा पगार कोण देतंय, ते बघा.

यासाठी आधी थोडं मागे जाऊ. (स्क्रीनवर अमू दर्याचा नकाशा)

१५ फेब्रुवारी १९८९. अफगाणिस्तानातल्या शेवटच्या सोव्हिएत फौजांसह जनरल बोरिस ग्रोमोव सीमेवरच्या अमू दर्या नदीचा पूल ओलांडून परत गेले. काबूलमध्ये मागे राहिले मॉस्कोच्या पाठिंब्यावरचे राष्ट्राध्यक्ष नजीबुल्ला. वॉशिंग्टनपासून इस्लामाबादपर्यंत सगळ्यांचा अंदाज एकच होता: हे आता काही महिन्यांचे पाहुणे. मार्चमध्ये त्यांच्याविरुद्ध लढणाऱ्या मुजाहिदीन बंडखोरांनी पाकिस्तानच्या पाठबळावर जलालाबादवर मोठा हल्ला चढवला. आणि आपटले! शहर पडलं नाही. नजीबुल्ला पुढची तीन वर्षं टिकले.

कसे? फौजा गेल्या होत्या, पण मॉस्कोहून येणारं धान्य, इंधन, दारूगोळा आणि पैसा चालूच होता. नजीबुल्लांनी तो फार हुशारीने वापरला. उत्तरेत अब्दुल रशीद दोस्तमसारख्या सरदारांच्या टोळ्या त्यांनी पगारावर ठेवल्या. १९९० मध्ये संरक्षणमंत्री तनाई यांनीच बंड केलं, तेही मोडून काढलं. त्याच वर्षी आपल्या कम्युनिस्ट पक्षातला मार्क्सवाद गुंडाळून ठेवला आणि पक्षाचं नाव बदलून 'वतन' केलं. मला विचाराल तर राजकीय स्थित्यंतराचा एवढा धडपडा प्रयत्न नंतर काबूलमध्ये कुणी केला नाही.

पण १९९१ मध्ये मॉस्कोच कोसळायला लागलं. अमेरिका आणि सोव्हिएत संघ यांच्यात ठरलं की १ जानेवारी १९९२ पासून दोघांनीही, म्हणजे अमेरिकेने मुजाहिदीनांची आणि मॉस्कोने नजीबुल्लांची, शस्त्रमदत थांबवायची. इंधन आटलं, विमानं जमिनीवर बसली, पगार थकले. आणि काही आठवड्यांतच दोस्तम फिरले! एप्रिलमध्ये नजीबुल्ला दिल्लीला निघाले होते, त्यांचं कुटुंब आधीच तिथे पोचलं होतं. विमानतळाच्या वाटेवर त्यांना अडवलं ते दोस्तमच्याच माणसांनी. पुढची चार वर्षं त्यांनी काबूलमध्येच संयुक्त राष्ट्रांच्या कार्यालयात आसरा घेऊन काढली. सप्टेंबर १९९६ मध्ये तालिबानने त्यांना तिथून ओढून नेऊन मारलं.

आता परत २०२१ वर या.

तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष अश्रफ गनी यांच्या सरकारकडे कागदावर तीन लाखांचं सुरक्षा दल होतं. कागदावर! यातले कितीतरी जण फक्त हजेरीपटावर होते. त्यांचे पगार निघायचे आणि वरचे अधिकारी ते खिशात घालायचे. गनींचे माजी अर्थमंत्री खालिद पायेंदा यांनीच नंतर हे उघड सांगितलं. आणि जे खरे सैनिक होते, त्यांच्यापैकी अनेकांना कित्येक महिने पगार नव्हता. हवाई दलाची विमानं आणि हेलिकॉप्टरं दुरुस्त ठेवणारे परदेशी कंत्राटदार अमेरिकी फौजांबरोबरच निघून गेले. म्हणजे जे रशियनांनी तीन वर्षांच्या अंतराने काढून घेतलं, ते अमेरिकेने एका उन्हाळ्यात काढून घेतलं. त्यात फौजा काढून घेण्याच्या २०२० च्या दोहा करारात अमेरिका थेट तालिबानशी बोलली, काबूलच्या सरकारला खुर्चीच नव्हती. असल्या सरकारसाठी कोण लढणार?

आणि त्या देशाचा संसार चालत कशावर होता? सरकारी खर्चाचा सुमारे ७५ टक्के भाग परदेशी मदतीतून यायचा. ती एका झटक्यात बंद. मध्यवर्ती बँकेचे सुमारे ७ अब्ज डॉलर अमेरिकेत होते, ते गोठवले. फेब्रुवारी २०२२ मध्ये अमेरिकेने त्यातले साडेतीन अब्ज अफगाण लोकांसाठी म्हणून वेगळे काढले, नंतर ते स्वित्झर्लंडमधल्या एका निधीत गेले. बाकीचे साडेतीन अब्ज ९/११ च्या पीडितांच्या खटल्यांसाठी अडकवून ठेवले. एका गरीब देशाच्या बँकेतली गंगाजळी तिथल्या शिक्षकांनी, दुकानदारांनी ठेवलेल्या ठेवींवरही उभी असते. त्यांचा ९/११ शी काय संबंध, हे मला आजवर कुणी पटवून देऊ शकलेलं नाही.

डॉलर शंभर अफगाणींच्या वर गेला. मग संयुक्त राष्ट्रांनी मदतकार्यासाठी चक्क रोख डॉलरच्या नोटा विमानाने काबूलला आणायला सुरुवात केली, एका खेपेला सुमारे ४ कोटी डॉलर. तिथे नोटाही बाहेरून छापून यायच्या, तेही थांबलं होतं, त्यामुळे बाजारात चिकटपट्टी लावलेल्या, हातात घेतल्यावर सुटणाऱ्या नोटा फिरत होत्या. पण विमानातून येणारे डॉलर, मध्यवर्ती बँकेचे डॉलरचे लिलाव आणि परकीय चलन बाहेर नेण्यावर कडक बंदी, यामुळे अफगाणी सावरला. २०२३ च्या एका तिमाहीत तर तो जगातल्या सर्वात चांगली कामगिरी करणाऱ्या चलनांत मोडला! चलन मजबूत, आणि लोक मात्र उपाशी. अर्थशास्त्र शिकणाऱ्यांनी हे उदाहरण जपून ठेवावं.

आता तालिबानचं काय? इथे मला या सगळ्या गोष्टीतला सर्वात महत्त्वाचा फरक दिसतो. नजीबुल्लांचे सैनिक मॉस्कोच्या पैशावर होते, गनींचे वॉशिंग्टनच्या. तालिबान मात्र आपल्या माणसांचे पगार बऱ्यापैकी आपल्याच वसुलीतून काढतं. जकात आणि कर मिळून वर्षाला दोन अब्ज डॉलरच्या आसपास. रस्त्यावर टोल उकळायची सवय त्यांना वीस वर्षांची होतीच. सत्तेत आल्यावर इराणकडचं इस्लाम कला, पाकिस्तानकडचं तोरखम या सीमेवरच्या नाक्यांवर त्यांनी मधल्या लोकांची लाचखोरी बरीच आवरली, आणि तीच रक्कम तिजोरीत आली.

पण पगार निघणं वेगळं आणि देश चालणं वेगळं. एप्रिल २०२२ च्या बंदीनंतर अफूची लागवड २,३३,००० हेक्टरवरून वर्षभरात १०,८०० हेक्टरवर आली. कौतुक करायचं तर करा, पण शेतकऱ्यांना अफूतून मिळणारे सुमारे सव्वा अब्ज डॉलर गेले आणि बदल्यात आलं ते गव्हाचं पीक, ज्याचे पैसे त्या मानाने काहीच नाहीत. मुलींची शाळा सहावीनंतर बंद, विद्यापीठ बंद, स्वयंसेवी संस्थांमधली नोकरी बंद, जुलै २०२३ पासून ब्यूटी पार्लरही बंद. ज्या घरात कमावता पुरुष लढाईत गेला, त्या घरातल्या विधवेने कमवायचं कुठे? त्यात पाकिस्तान आणि इराणने अफगाण लोकांना परत पाठवायला सुरुवात केली. एकट्या २०२५ मध्ये २० लाखांहून जास्त माणसं परतली. आणि त्याच वर्षी ट्रम्प प्रशासनाने मदतीत मोठी कपात केली.

आता सध्याचं बोलू. ऑक्टोबर २०२५ मध्ये पाकिस्तानशी चकमकी झाल्या आणि तोरखमसकट सीमा बंद झाली. म्हणजे ज्या नाक्यांच्या वसुलीवर तालिबान उभं आहे, त्यातलाच एक नाका बंद! त्याच महिन्यात त्यांचे परराष्ट्रमंत्री मुत्तकी दिल्लीत आले, आणि भारताने काबूलमधलं आपलं कार्यालय पुन्हा दूतावासाच्या दर्जाचं करायचं जाहीर केलं. नोव्हेंबरमध्ये उपपंतप्रधान बरादर यांनी अफगाण व्यापाऱ्यांना बजावलं की पाकिस्तानी औषधं आणणं तीन महिन्यांत आवरा आणि दुसऱ्या वाटा शोधा. त्या दुसऱ्या वाटेत इराणचं चाबहार बंदर आहे, ज्याच्या उभारणीत भारताचा पैसा आहे, म्हणजे भारतही आहे.

आपल्या स्वयंपाकघरातला हिंग मुख्यतः अफगाणिस्तानातूनच येतो. तुमच्या गावच्या किराणा दुकानात गेल्या वर्षभरात हिंग, अंजीर, जर्दाळू यांचे भाव किती बदलले, ते गावाच्या नावासकट कमेंटमध्ये लिहा. पुढच्या भागात चाबहारचा नकाशा उघडून बसू.