खेळातला खाते नंबर

नमस्कार श्रोतेहो.

बँकेच्या काउंटरवर माझी एकतीस वर्षं गेली. एवढ्या वर्षांत सगळ्यात जास्त वेळा मी कुठलं वाक्य बोलले असेन, तर "खाते नंबर सांगा." आणि त्यावर सगळ्यात जास्त वेळा ऐकलेलं उत्तर म्हणजे, "अहो मॅडम, ओळखलं नाही का? मी पाटील!" आमची शाखा कोल्हापूर जिल्ह्यातली. पाटील म्हटलं की निम्मा हॉल वळून बघायचा. सुनीता पाटील या नावाची आमच्याकडे अकरा खाती होती, आणि त्यातल्या दोघींच्या यजमानांचं नावही संजयच. नंबर विचारला की लोकांना राग यायचा. यांना माणूस दिसत नाही, नंबर दिसतो, असं म्हणायचे. मी हसून पासबुक मागायचे.

दीड वर्षापूर्वी तोच प्रश्न मला विचारला गेला. विचारणारी बँक नव्हती, मोबाइलवरचा एक खेळ होता. आणि मला उत्तर देता आलं नाही.

झालं असं. माझी थोरली बहीण न्यू जर्सीला असते. आम्ही दोघी रोज एक खेळ खेळायचो. माझी सकाळ उजाडली की तिची आदली रात्र असते, त्या तासाभरात आमचे फासे पडायचे. खेळाचं नाव सांगत नाही, चूक त्याची नव्हतीच. एक दिवस धुणं भिजवताना फोन बादलीत पडला. मुलाने नवा फोन आणला. सिमकार्ड तेच, व्हॉट्सॲप तेच, फोटोही परत आले. खेळ उतरवून घेतला, उघडला, आणि त्याने मला विचारलं, आपलं नाव काय? दोन वर्षं खेळून जमवलेली नाणी, पातळ्या, बक्षिसं, सगळं साफ. पहिली पायरी. शिवाय दोन वेळा मी त्यात पैसे भरून नाणी विकत घेतली होती. हे मुलाला सांगितलेलं नव्हतं, आज रेडिओवरच सांगतेय.

खेळाच्या मदत विभागाला सविस्तर लिहिलं. नाव, गाव, बहिणीचं नाव, किती दिवसांपासून खेळते, सगळं. दोन दिवसांनी एका ओळीचं उत्तर आलं. प्लेअर आयडी कळवा. मी परत नाव कळवलं. परत तीच ओळ. तेव्हा लक्षात आलं, आज मी काउंटरच्या बाहेरच्या बाजूला उभी आहे आणि "मी पाटील" म्हणतेय.

तर हा प्लेअर आयडी म्हणजे काय? खेळ पहिल्यांदा उघडला की खेळवाल्यांच्या संगणकावर तुमचं एक खातं उघडतं आणि त्याला एक नंबर पडतो. कधी तो नुसता आकड्यांचा असतो, कधी त्यात अक्षरंही असतात. आपण वर जे नाव घालतो, राणी, किंग, झाशीची वाघीण, ते नुसतं दाराच्या पाटीसारखं. पाटी बदलता येते, एकसारख्या हजार पाट्या असू शकतात. नंबर मात्र एका खात्याचा एकच. त्याला प्रत्येकाने वेगळं नाव दिलं आहे, म्हणून गोंधळ होतो. कुणी प्लेअर आयडी म्हणतं, कुणी यूजर आयडी, कुणी यूआयडी. एट बॉल पूल या बिलियर्ड्सच्या खेळात त्याला युनिक आयडी म्हणतात. बीजीएमआय या बंदुकांच्या लढाईच्या खेळात कॅरेक्टर आयडी. क्लॅश ऑफ क्लॅन्समध्ये प्लेअर टॅग, आणि त्याच्या सुरुवातीला दोन आडव्या आणि दोन उभ्या रेघांचं ते हॅशचं चिन्ह असतं.

शोधायचा कुठे? बहुतेक खेळांत पडद्यावर वरच्या कोपऱ्यात आपला फोटो किंवा चित्र असतं. त्यावर बोट टेकवा. प्रोफाइल उघडतं आणि नावाच्या खाली किंवा शेजारी नंबर दिसतो. मी आत्ता सांगितलेल्या तिन्ही खेळांत तो असाच सापडतो. तिथे नसेल तर दातेरी चाकाचं चित्र शोधा, म्हणजे सेटिंग्ज. ते उघडून अगदी तळापर्यंत जा. पुष्कळदा करड्या रंगात, मुंगीएवढ्या अक्षरांत तो तिथे लिहिलेला असतो. चष्मा लावूनच बघा. काही खेळांत हेल्प किंवा सपोर्ट म्हटलं की त्या पानावर दिसतो, काहींत खेळ सुरू होताना पडद्याच्या कोपऱ्यात क्षणभर चमकून जातो.

नंबरच्या शेजारी एकावर एक ठेवलेले दोन छोटे चौकोन दिसले तर ते कॉपीचं चिन्ह. त्यावर बोट टेकवलं की नंबर जसाच्या तसा उचलला जातो आणि स्वतःलाच व्हॉट्सॲपवर पाठवता येतो. हाताने लिहून घेणार असाल तर शून्य आणि इंग्रजी ओ, एक आणि इंग्रजी एल, यांची गल्लत होते. बँकेतही याच चार जणांनी माझा सर्वात जास्त वेळ खाल्ला आहे. क्लॅश ऑफ क्लॅन्स करणाऱ्यांनी याचा विचार आधीच केलेला दिसतो, त्यांच्या टॅगमध्ये ओ हे अक्षर येतच नाही. गोल दिसलं की शून्यच.

आता फेसबुकवरून खेळणाऱ्यांचं. हे जरा खोलात जाऊन सांगते, कारण इथे दोन नंबर असतात आणि लोक नेमका चुकीचा देतात.

फेसबुकवर प्रत्येक माणसाला पहिल्यापासून एक नंबर आहे. मार्क झुकरबर्ग यांचा नंबर आहे चार. आपल्यासारख्यांचे लांबलचक, पंधरा आकडी, बहुतेक शंभराने सुरू होणारे. जून २००९ मध्ये फेसबुकने आपल्या पानाला आकड्याऐवजी नावाचा पत्ता घ्यायची सोय दिली, तेव्हापासून तो घेणाऱ्यांचा नंबर मागे लपला. आणि त्याच महिन्यात फेसबुकवर फार्मव्हिल नावाचा खेळ आला. झिंगा कंपनीचा. आठवतंय का? दिवसभर ऑफिसात बसणारी माणसं रात्री उठून स्ट्रॉबेरीची काढणी करायची. माझ्या बहिणीने तिकडे अमेरिकेत कागदोपत्रीही एक गुंठा घेतला नाही, पण फार्मव्हिलमध्ये तिची मोठी बागायत होती. सातबारा मात्र तिच्या हातात कधीच आला नाही.

तर त्या काळी फेसबुकवरच्या सगळ्या खेळांना तुमचा तो एकच मूळ नंबर मिळायचा. ऑक्टोबर २०१० मध्ये वॉल स्ट्रीट जर्नल या वर्तमानपत्राने उघड केलं की फेसबुकवरचे लोकप्रिय खेळ, फार्मव्हिलसकट, हे नंबर जाहिरातवाल्या कंपन्यांकडे पोचवत होते. नंबर कळला की त्यावरून माणसाचं नाव काढणं सोपं. एकाच नंबरची किल्ली सगळ्या दारांना लागत होती, असं म्हणा. पुढे २०१४ मध्ये फेसबुकने पद्धत बदलली. तेव्हापासून एखाद्या खेळात तुम्ही नव्याने शिरलात की त्या खेळापुरता वेगळा नंबर तयार होतो. दुसऱ्या कंपनीच्या खेळात गेलात की दुसरा. जे त्याआधीपासून एखादा खेळ खेळत होते, त्यांचा त्या खेळातला जुना नंबर तसाच राहिला.

बँकेच्या भाषेत सांगू? ग्राहक एकच, पण बचत खातं वेगळं, कर्जखातं वेगळं. कर्जाचा हप्ता भरताना बचतीचा नंबर देऊन चालत नाही. म्हणून खेळवाल्यांनी आयडी मागितला की फेसबुकच्या पत्त्यातला आकडा देऊ नका.

त्या खेळापुरता नंबर बघायचा तर फेसबुकमध्ये तीन आडव्या रेघांवर जा, मग सेटिंग्ज अँड प्रायव्हसी, मग सेटिंग्ज, आणि त्यात ॲप्स अँड वेबसाइट्स. फेसबुक आपल्या वस्तू अधूनमधून इकडच्या तिकडे हलवतं, तेव्हा नाही दिसलं तर वरच्या शोधपट्टीत तेच शब्द घाला. तुम्ही कुठे कुठे फेसबुकने शिरला आहात त्याची यादी येईल. ती यादी बघून मला स्वतःला धक्का बसला होता. एकदाच राशिभविष्य बघितलेलं, तेही ठाण मांडून बसलेलं. त्यातला आपला खेळ उघडा आणि खाली सरकत जा, तिथे यूजर आयडी दिलेला असतो. तिथेच रिमूव्ह नावाचं बटणही असतं. त्याला हात लावू नका. खेळाचं आणि फेसबुकचं नातं तुटतं, आणि मग माझ्यासारखी वेळ येते.

माझी वेळ आली ती मात्र फेसबुकमुळे नाही. पहिल्या दिवशी खेळाने मला विचारलं होतं, फेसबुकने येता, गूगलने येता, की पाहुणे म्हणून? म्हटलं, कशाला उगीच माहिती द्या. मी पाहुणी झाले. गेस्ट. अशा पाहुण्याची ओळख फक्त त्या फोनपुरती असते. फोन गेला की पाहुणे गेले. खेळ काढून परत टाकला तरी पुष्कळदा तो तुम्हाला नवा पाहुणा समजतो आणि नवा नंबर देतो. घरात कुणी गेस्ट म्हणून खेळत असेल तर आज संध्याकाळी आधी त्याचा आयडी लिहून घ्या, आणि मग ते खातं गूगल, ॲपल किंवा फेसबुक यांपैकी कशाला तरी जोडा. क्रम असाच ठेवा, आधी लिहिणं.

पण फोनच गेला असेल तर? मी चार दिवस या प्रश्नावर बसले होते. उत्तर तीन ठिकाणी निघालं.

पहिलं, बहिणीच्या फोनमध्ये. पुष्कळ खेळांत मित्रांच्या यादीतल्या माणसाच्या चित्रावर बोट ठेवलं की त्याचा नंबर दिसतो. आमच्या खेळात तो अर्धाच दिसत होता, पुढचे आकडे कापलेले. दुसरं, जुन्या स्क्रीनशॉटमध्ये. मी एकदा जिंकल्यावर माहेरच्या ग्रुपवर फुशारकी मारायला पडद्याचा फोटो टाकला होता. भावजयीने तो शोधून दिला, वर "वन्सं, इतकं खेळता?" असंही विचारलं. फोटो मोठा करून बघितला तर खाली कोपऱ्यात पूर्ण नंबर. गर्व कधी कधी असाही उपयोगी पडतो.

आणि तिसरं, पावती. गूगल प्लेवरून काही विकत घेतलं की ईमेलवर पावती येते, आणि त्यावर जीपीए या तीन अक्षरांनी सुरू होणारा ऑर्डर नंबर असतो. खेळवाले तो मागतात, कारण कुठल्या खात्यात पैसे जमा झाले ते त्यावरून त्यांना शोधता येतं. म्हणजे मुलापासून लपवलेली ती खरेदीच माझी साक्षीदार निघाली.

आता एक भीती. हा नंबर कुणाला सांगितला तर चोरी होईल का? बँकेतही लोक हेच विचारायचे. खात्यात पैसे भरायला नुसता नंबर पुरतो, कुणीही भरू शकतं. काढायला सही लागते. इथेही तसंच आहे. नुसत्या आयडीवर कुणी तुम्हाला मैत्रीची विनंती पाठवेल, काही खेळांत तुमच्या खात्यात नाणीही भरेल. उचलून नेणार नाही. सही म्हणजे पासवर्ड आणि ओटीपी. मुलांच्या बाबतीत मात्र मी आणखी एक पाऊल मागे राहीन. मैत्रीची विनंती अनोळखी मोठ्या माणसाकडूनही येऊ शकते, त्यामुळे पोरांनी आपला आयडी चारचौघांत टाकत फिरू नये असं माझं मत आहे.

फसवणारे इथेच शिरतात. "आयडी द्या, हजार हिरे फुकट." आयडी दिलात की पुढचा मेसेज, "आता आलेला ओटीपी सांगा." दुसरी तऱ्हा म्हणजे तुम्ही इंटरनेटवर खेळाचं नाव घालून कस्टमर केअर शोधता आणि एक मोबाइल नंबर सापडतो. बहुतेक खेळांची मदत खेळाच्या आतूनच मिळते, लेखी. तिथे फोन उचलणारं कुणी नसतंच. मग हा गोड बोलणारा कोण? पैसे गेलेच तर १९३० हा सायबर मदत क्रमांक लगेच फिरवा. पैसे लावून खेळण्याच्या खेळांबद्दल मी बोलतच नाहीये. २०२५च्या केंद्रीय कायद्याने त्यांच्यावर बंदी आली आहे.

आणि नंबर असून उपयोग नाही, असंही होतं. फार्मव्हिल फ्लॅश नावाच्या तंत्रावर चालायचं. ते बनवणाऱ्या अडोबी कंपनीने फ्लॅशचा आधार ३१ डिसेंबर २०२० ला काढून घेतला आणि त्याच दिवशी मूळ फार्मव्हिल बंद झालं. बहिणीकडे तिचा नंबर होता, बागायतही होती. शाखाच उठून गेली.

माझी शाखा सुदैवाने जागेवर होती. स्क्रीनशॉटमधला नंबर आणि पावतीवरचा ऑर्डर नंबर दोन्ही पाठवले. तिसऱ्या दिवशी खेळ उघडला तर सगळं जिथल्या तिथे. नाणी, पातळ्या, आणि अर्धवट राहिलेला डाव. मी लगेच डायरी काढली. तिच्या मागच्या पानावर गॅसचा ग्राहक क्रमांक आहे, वीजबिलाचा बारा आकडी नंबर आहे, विम्याच्या पॉलिसीचा आहे. त्याखाली एक ओळ आखली आणि हाही लिहिला. मुलाने वाकून बघितलं, काही बोलला नाही.

तेवढ्यात बहिणीचा मेसेज आला. तिकडे रात्रीचे अकरा वाजून गेले होते.

"आलीस? तीन आठवडे झाले, पाळी तुझी आहे."

नमस्कार.