लेकी बोले, सुने लागे

नमस्कार श्रोतेहो. कॅबरे म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे हेलन उभी राहते. जर्मनीतला कॅबरे मात्र वेगळा. छोटंसं थिएटर, एक पियानो, चार-दोन नट, आणि गाण्या-नकलांतून सरकारची सालं काढायची. आपल्या तमाशातल्या बतावणीच्या जवळचाच प्रकार म्हणा ना!

एरिका मान ही थोर कादंबरीकार थॉमस मान यांची थोरली लेक. १९३२ साली म्युनिकमध्ये स्त्रियांच्या युद्धविरोधी सभेत ती वाचायला उभी राहिली आणि नाझींनी सभा उधळली. पुढच्याच वर्षी, १ जानेवारी १९३३ ला, तिनं स्वतःचा कॅबरे उघडला. नाव सुचेना. वडिलांनी जेवणाच्या टेबलावरची मिरी दळायची चक्की दाखवली म्हणे, आणि तेच नाव पडलं: फेफरम्युले. बरोबर भाऊ क्लाउस आणि तेरेझे गीझे ही जबरदस्त नटी. महिन्याच्या आत हिटलर चान्सेलर झाला. मार्चमध्ये एरिकानं देश सोडला.

चक्की पुन्हा फिरू लागली ती स्वित्झर्लंडमध्ये, झुरिकच्या हिर्शेन हॉटेलात. बहुतेक गाणी एरिकाच लिहायची, निवेदनही तिचंच. आणि गंमत बघा, हिटलरचं नाव एकदाही नाही! परक्या देशात पाहुणं राहून शेजारच्या सरकारला शिव्या कशा देणार? मग काढल्या परीकथा. गुडघ्यापर्यंत बूट चढवून, गणवेशात, एरिका ‘थापाड्यांच्या देशाचा राजपुत्र’ व्हायची आणि खोटं बोलणं किती फायद्याचं ते ऐटीत गाऊन सांगायची. लेकी बोले, सुने लागे. सुनेला बरोबर लागलं. नोव्हेंबर १९३४ मध्ये झुरिकच्या फॅसिस्टांनी प्रयोगात दंगल केली. पुढे तिथल्या सरकारनं परदेशी कलाकारांच्या राजकीय कॅबरेवरच बंदी घातली. म्हणजे शिक्षा कोणाला, बघा!

१९३५ मध्ये जर्मनीनं तिचं नागरिकत्व काढून घेतलं. ब्रिटिश पासपोर्टसाठी तिनं कवी ऑडन यांच्याशी लग्न केलं. दोघांनाही या लग्नात कागदापलीकडे काही नको होतं. गीझेनंही पुढच्या वर्षी असाच एक इंग्रज नवरा केला.

स्वित्झर्लंड, हॉलंड, बेल्जियम, चेकोस्लोव्हाकिया मिळून हजारावर प्रयोग झाले. मग जानेवारी १९३७, न्यूयॉर्क. तीच मंडळी, तीच गाणी, फक्त इंग्रजीत. आणि कार्यक्रम साफ पडला. भाषांतराला दोष देतात, तो असेलही. मला मात्र वाटतं, झुरिकमधल्या माणसाला सरहद्दीपलीकडचे बूट रोज ऐकू येत होते. राजपुत्र स्टेजवर आला की न उच्चारलेलं नाव तो स्वतःच मनात भरायचा. न्यूयॉर्कच्या प्रेक्षकानं ती जागा रिकामीच ठेवली.

एरिकानं परीकथा गुंडाळल्या. अमेरिकेतल्या गावोगावच्या सभागृहांत ती भाषणं देऊ लागली. आता हिटलरचं नाव घेऊन, सरळ.