तेनोच्तितलान कुणी पाडलं?

नमस्कार श्रोतेहो.

एर्नान कोर्तेस नावाचा स्पॅनिश सरदार १५१९ साली पाचशेच्या आसपास शिपाई आणि सोळा घोडे घेऊन मेक्सिकोच्या किनाऱ्यावर उतरला आणि दोन वर्षांत त्याने अॅझ्टेक साम्राज्य जिंकलं. शाळेत आपण एवढंच शिकतो. या गोष्टीतून ज्यांना वगळलं जातं, त्यांच्याबद्दल मला आज बोलायचं आहे.

आधी ते शहर डोळ्यांसमोर आणा. आजच्या मेक्सिको सिटीच्या जागी तेव्हा मोठं सरोवर होतं आणि त्यातल्या बेटावर मेशिका लोकांनी, म्हणजे आपण ज्यांना अॅझ्टेक म्हणतो त्यांनी, आपली राजधानी तेनोच्तितलान वसवली होती. काठापर्यंत जाणारे रुंद बांध, चापुल्तेपेकच्या टेकडीवरून गोडं पाणी आणणारा पाट, उथळ पाण्यात गाळाचे थर रचून केलेली चिनाम्पा नावाची शेतं! शेजारच्या त्लातेलोल्कोच्या बाजारात रोज साठ हजारांहून जास्त माणसं देवघेव करतात, असं खुद्द कोर्तेसने आपल्या राजाला कळवलं. तिथे मका, टोमॅटो, कोको, नाना जातींच्या मिरच्या मिळत. (मिरची मूळची तिकडचीच, आपल्याकडे ती पोर्तुगीजांमुळे आली.)

पण या वैभवाला खंडणीचा आधार होता. जिंकलेल्या गावांनी कापड, धान्य, पिसं, कोको वेळेवर पोचवायचं आणि युद्धकैद्यांना देवळाच्या पायऱ्यांवर बळी जाताना पाहायचं. पूर्वेच्या डोंगरातलं त्लाश्काला नावाचं राज्य मात्र कधीच शरण गेलं नाही. मेशिकांनी त्याची चहूबाजूंनी नाकेबंदी केली. त्लाश्कालाच्या लोकांना कापूस मिळेना, मीठ मिळेना. पिढ्यान्‌पिढ्या त्यांनी अळणी खाल्लं, पण मान तुकवली नाही.

कोर्तेस आला तेव्हा त्लाश्कालाने आधी त्याच्याशीही लढाई केली. मग तिथल्या सरदारांनी विचार बदलला: या परक्यांना हाताशी धरलं तर जुन्या वैऱ्याचा हिशेब चुकता करता येईल. माझ्या मते या युद्धातला सर्वांत मोठा निर्णय हाच. तो भोळेपणाने घेतलेला नव्हता, पूर्ण राजकीय होता. अॅझ्टेकांनी कोर्तेसला देव मानलं, ही कथा फार सांगितली जाते. पण ती पक्की झाली नंतरच्या काही दशकांत, विजेत्यांच्या काळात लिहिलेल्या मजकुरांतून. मला ती अजिबात पटत नाही. त्या सगळ्या माणसांची बुद्धीच ती काढून घेते.

जून १५२० च्या अखेरीस मेशिकांनी तेनोच्तितलानमध्ये शिरलेल्या स्पॅनिशांना शहरातून पिटाळलं. शेकडो स्पॅनिश आणि त्यांचे हजारो साथीदार त्या एका रात्री मारले गेले. उरलेले जखमी कुठे पळाले? त्लाश्कालात. त्या दिवशी त्लाश्कालाने दार लावून घेतलं असतं, तर कोर्तेसची मोहीम तिथेच संपली असती.

त्याच वर्षी देवीची साथ आली. या रोगाशी तिथल्या कुणाच्याच शरीराची ओळख नव्हती. माणसं अंथरुणात कूसही बदलू शकत नव्हती. शुश्रूषा करणारेच आजारी, म्हणून कित्येक जण उपाशी मेले. मेशिकांचा राजा मोक्तेझुमा याच्यानंतर गादीवर आलेला क्वित्लाव्हाक जेमतेम ऐंशी दिवसांत गेला.

मग वेढा पडला. त्लाश्कालात तेरा गलबतं बांधली, सुटी केली आणि हजारो हमालांनी त्यांचे भाग डोंगर ओलांडून सरोवरापर्यंत वाहून आणले. चापुल्तेपेकचं पाणी तोडलं गेलं. स्पॅनिश सगळे मिळून हजाराच्या आतबाहेर. त्यांच्याबरोबर त्लाश्काला, तेश्कोको आणि इतर गावांचे हजारो, हजारो योद्धे. तहानेने आणि भुकेने गांजलेलं शहर गल्लीगल्लीत लढलं. लोक सरडे, चामडं, गवत खात होते. १३ ऑगस्ट १५२१ ला तरुण राजा क्वाउतेमोक पकडला गेला.

आणि त्लाश्काला? त्यांना सन्मान मिळाले, शहराला स्पेनच्या राजाकडून मानचिन्ह मिळालं. आपणही जेते आहोत, हे त्यांनी मोठ्या कापडावर चित्रं काढून नोंदवून ठेवलं. पण पुढच्या साथींनी त्यांची घरंही रिकामी केली. १५९१ साली चारशे त्लाश्काला कुटुंबांना उत्तरेच्या सीमेवर वस्ती करायला पाठवण्यात आलं. जाण्याआधी त्यांनी आपल्या अटी लेखी मान्य करून घेतल्या: खंडणी नाही, वेठबिगार नाही, घोड्यावर बसायचा आणि शस्त्र बाळगायचा हक्क. त्यांतल्या काहींनी साल्तियो शहराला लागून आपलं गाव वसवलं आणि त्याला नवं त्लाश्काला असंच नाव दिलं.