पाण्यात विरघळलं की पाण्यानं तुटलं?

मित्रहो, बोलायला लागण्याआधी टेबलावर एक परीक्षानळी लावून ठेवतो, कारण तिला वेळ लागणार आहे. निम्मं अल्कोहोल, निम्मं पाणी, त्यात टर्शरी ब्यूटाइल क्लोराइड, आणि त्या क्लोराइडचे जेवढे मोल आहेत त्याच्या निम्मे मोल कॉस्टिक सोडा. ब्रोमोफिनॉल ब्लू या दर्शकाचे दोन थेंब टाकलेत म्हणून ती निळी दिसते; द्रावण आम्ल झालं की तो पिवळा होतो. २५ अंशांना ती अर्ध्या तासाच्या थोडं आत पिवळी व्हायला हवी. सभागृह त्याहून गरम आहे, म्हणजे आणखी लवकर होईल. पुढच्या रांगेनं लक्ष ठेवावं.

आजचा विषय एक क्रियापद आहे: सॉल्व्होलाइझ. नाम आधी आलं, सॉल्व्होलिसिस, आणि त्यावरून क्रियापद पडलं. ॲनालिसिसवरून ॲनालाइझ पडलं तसंच. अर्थ असा की ज्या द्रवात पदार्थ टाकला तो द्रव नुसता जागा देत नाही, स्वतः विक्रियेत उतरतो आणि पदार्थातला एखादा बंध तुटतो. द्रव पाणी असेल तर हायड्रोलिसिस, अल्कोहोल असेल तर अल्कोहोलिसिस, अमोनिया असेल तर अमोनोलिसिस, ॲसिटिक ॲसिड असेल तर ॲसिटोलिसिस. सगळी एकाच घरातली भावंडं. मी सांगायचं कबूल केलंय ते हे, की मराठीत या क्रियापदासाठी ‘तुटणं’ आणि ‘तोडणं’ यांतलं कुठलं वापरायचं, आणि ती निवड व्याकरणाची नसून रसायनशास्त्राची का आहे. पण त्याआधी एक तक्रार मांडतो, कारण ती मांडल्याशिवाय पुढचं पटणार नाही.

तक्रार ‘विरघळणे’ या शब्दाबद्दल आहे. शब्द गोड आहे, पण आपण तो कुठेही लावतो. साखर पाण्यात विरघळली. जस्त आम्लात विरघळलं. अंड्याचं कवच व्हिनेगरमध्ये विरघळलं. प्लास्टिकची बाटली रसायनात विरघळली. चार वाक्यं, एकच क्रियापद, आणि त्यातलं फक्त पहिलं खरं. पाणी आटवा, साखर परत मिळते. जस्ताचं द्रावण आटवलंत तर जस्त मिळत नाही, जस्ताचा क्षार मिळतो. हायड्रोजन केव्हाच उडून गेलेला असतो.

थर्मोकोलचा तुकडा ॲसिटोनमध्ये टाकून बघा. फसफस करत तो बसतो, आतली हवा निघून जाते, बशीच्या तळाशी चिकट लगदा उरतो. पाहणारा म्हणेल की रसायनानं थर्मोकोल खाल्ला. खाल्लेला नाही. ॲसिटोन उडू द्या, थर्मोकोल ज्याचा बनतो ते कडक पॉलिस्टायरिन जसंच्या तसं हातात येतं, एकही साखळी तुटलेली नसते. आता पीईटीच्या बाटलीचे तुकडे घ्या, इथिलीन ग्लायकॉलमध्ये थोडं झिंक ॲसिटेट घालून १९० अंशांच्या आसपास तापवत ठेवा. काही तासांनी तुकडे दिसेनासे होतात. डोळ्यांना दोन्हीकडे एकच दिसतं: घन होतं, आता नाही. पण हे मिश्रण गरम पाण्यात घेऊन गाळलं आणि थंड केलं की पांढरे स्फटिक पडतात, आणि ते पीईटी नसतात. साखळीतले एस्टरचे बंध ग्लायकॉलनं तोडलेले असतात आणि साखळी तिच्या घटकापर्यंत सुटी झालेली असते. पहिलं विरघळणं, दुसरं सॉल्व्होलिसिस.

तर ‘द्रव उडवून बघा, टाकलं तेच मिळतं का’ ही सोपी कसोटी झाली. ती सरळसोट लावू नका. निर्जल मोरचूद पांढरा असतो, पाण्यात टाकून पुन्हा स्फटिक काढले तर निळे निघतात. टाकलं ते मिळालं नाही, तरी हे सॉल्व्होलिसिस नव्हे. पाण्याचे पाच रेणू सोबत आलेत इतकंच, तापवले की निघून जातात आणि पांढरी पूड परत मिळते. ॲल्युमिनियम क्लोराइडचे पाणीदार स्फटिक तापवून तसंच करायला जा. पाणी एकटं जात नाही, हायड्रोजन क्लोराइड घेऊन जातं, आणि शेवटी हातात ऑक्साइड उरतं. म्हणजे खरा प्रश्न परत काय मिळतं हा नाही, बंध तुटला का हा आहे.

आता प्रयोगशाळेतलं उदाहरण, इथल्या निम्म्या लोकांच्या हातून झालेलं. सॉल्ट ॲनालिसिसमध्ये बिस्मथची खात्री कशी करतो? द्रावणाचे चार-पाच थेंब चंचुपात्रभर पाण्यात ओततो, पांढरा गढूळपणा येतो. जर्नलमध्ये आपण लिहितो, ‘पांढरा अवक्षेप’, आणि पान उलटतो. पण काय झालं ते बघा. आपण फक्त पाणी घातलं. कुठलंही अभिकर्मक नाही, बाटलीवर कसलीही चिठ्ठी नाही. जास्तीचं पाणी घातल्यावर पदार्थ जास्त विरघळायला हवा, इथे तो बाहेर पडला. कारण पाणीच अभिकर्मक झालं: बिस्मथ क्लोराइडचं ऑक्सिक्लोराइड झालं आणि हायड्रोक्लोरिक ॲसिड सुटलं. अँटिमनीही हेच करतं, म्हणून दोघांची गल्लत होते. टार्टरिक ॲसिड घाला. अँटिमनीचा गढूळपणा जातो, बिस्मथचा राहतो.

स्टॅनस क्लोराइडचं द्रावण बिघडतं तेही याच कारणानं. मुलं स्फटिक तोलतात, प्रमाणित फ्लास्कमध्ये टाकतात, खुणेपर्यंत पाणी भरतात, आणि दुधासारखं द्रावण घेऊन येतात: ‘सर, विरघळत नाही.’ बाळा, विरघळलं होतं, नंतर पाण्यानं तोडलं. कृती उलटी हवी. ०.२५ मोलर द्रावण एक लिटर हवं असेल तर द्विजल स्फटिक ५६ ग्रॅम घ्या, आधी १०० मिलिलिटर तीव्र हायड्रोक्लोरिक ॲसिडमध्ये किंचित कोमट करून पूर्ण स्वच्छ होऊ द्या, आणि मगच पाणी घालून लिटर करा. बाटलीत कथिलाचे दोन-तीन खडे टाकून ठेवा. ते हवेतल्या ऑक्सिजनसाठी, पाण्यासाठी नव्हेत, ही दोन दुखणी वेगळी आहेत. ॲसिडनं का भागतं? पाणी बंध तोडतं तेव्हा ॲसिड तयार होतं. ते आधीच भरपूर असेल तर विक्रिया पुढे सरकत नाही. एकदा दूध झालेलं द्रावण लगेच तीव्र ॲसिड घालून बऱ्याचदा स्वच्छ होतं, पण मग आयतन चुकतं आणि संहती गेली. टाकून द्या, नव्यानं करा.

‘विरघळत नाही’ म्हणणारा विद्यार्थी घोटत बसतो, तापवत बसतो, आणखी पाणी घालतो. तिन्ही उपायांनी बिघाड वाढतो. त्याला ‘पाण्यानं तुटतंय’ हे वाक्य दिलं असतं तर हात आपोआप ॲसिडच्या बाटलीकडे गेला असता. शब्द चुकला म्हणून प्रयोग चुकला, म्हणून मी या शब्दाच्या मागे लागलोय.

दुसरा मुद्दा समासाचा. शाळेच्या पुस्तकांत ‘अपघटन’ म्हणतात, विश्वकोशाच्या परंपरेत ‘विच्छेदन’. दोन्ही चालतात, माझं भांडण तिथे नाही. माझं भांडण ‘जल’ आणि ‘अपघटन’ यांच्यामध्ये लपलेल्या विभक्तीशी आहे. ‘राजपुत्र’ म्हटलं की राजाचा पुत्र, षष्ठी तत्पुरुष. ‘गुणहीन’ म्हणजे गुणांनी हीन, तृतीया तत्पुरुष. मग जलअपघटन म्हणजे जलाचं अपघटन की जलानं अपघटन? उत्तरपत्रिकेत मुलं बिनधास्त लिहितात, ‘जलअपघटनात पाण्यापासून हायड्रोजन व ऑक्सिजन मिळतो.’ ते पाण्याचं विद्युत अपघटन, षष्ठी. हायड्रोलिसिस ही तृतीया: पाण्यानं दुसऱ्याला तोडणं. मुलांनी समास बरोबरच सोडवला, फक्त विभक्ती दुसरी लावली.

मूळ शब्दांतही हाच घोळ आहे. ‘लिसिस’च्या आधी येणारा शब्द कधी तोडणारा असतो, कधी तुटणारा. हायड्रोलिसिसमध्ये पाणी तोडतं, फोटोलिसिसमध्ये प्रकाश तोडतो. पण हीमोलिसिसमध्ये रक्तपेशी फुटतात आणि लिपोलिसिसमध्ये चरबी. आणि ग्लायकोलिसिस तर दोन्हीकडे बसलाय. जीवशास्त्राच्या वर्गात तो ग्लुकोज तुटून पायरुव्हेट होण्याचा प्रवास; प्लास्टिकच्या पुनर्वापरात तो मघाशी सांगितलेला, ग्लायकॉलनं पीईटी तोडण्याचा. एकीकडे षष्ठी, एकीकडे तृतीया. मराठीत दोन्हीला ‘शर्कराविघटन’ लिहिणारा अनुवाद…

हो, झाली पिवळी. धन्यवाद. नळी फिरवा मागे, सगळ्यांना बघू द्या. सोडा संपला याचा अर्थ टर्शरी ब्यूटाइल क्लोराइड बरोबर निम्मं तुटलं. प्रत्येक तुटण्याला एक रेणू हायड्रोक्लोरिक ॲसिड सुटतं आणि तेच सोडा खातं. सोडा इथे फक्त मोजणी करतो. दुप्पट सोडा घातलात तर तुटण्याचा वेग वाढत नाही, रंग बदलायला उशीर होतो. घरी जाऊन करणाऱ्यांसाठी दोन सूचना. क्लोराइडचं मूळ द्रावण कोरड्या ॲसिटोनमध्ये करा; ओलसर ॲसिटोन असेल तर बाटलीतच तुटायला लागतं आणि नळी सुरुवातीपासून पिवळी निघते. आणि नुसत्या पाण्यात करू नका, ते मिसळत नाही, वर थर तरंगतो.

अध्यक्षांनी चिठ्ठी पाठवली आहे, आठ मिनिटं राहिली. म्हणजे जे सांगायला आलो ते आता धावतच.

इंग्रजीत हे क्रियापद सकर्मक चालतं आणि अकर्मकही, रूप तेच. रेणू सॉल्व्होलाइझ होतो की द्रावक त्याला सॉल्व्होलाइझ करतो, हे रूपावरून कळत नाही. मराठीत तसं लपता येत नाही. तुटणं–तोडणं, फुटणं–फोडणं, सुटणं–सोडणं. आपल्याला कर्ता ठरवावा लागतो. आणि १९३०च्या दशकात ह्यूज आणि इनगोल्ड यांनी नेमका हाच प्रश्न मांडला. टर्शरी ब्यूटाइल क्लोराइडमधला कार्बन-क्लोरीन बंध आधी आपण होऊन सुटतो, पाणी नंतर येऊन जोडलं जातं: ही एसएन-१ विक्रिया, वेग एकट्या रेणूवर ठरतो, हे ‘तुटणं’. मिथाइल ब्रोमाइडमध्ये पाणी मागून येऊन धडकतं आणि त्याच क्षणी ब्रोमीन बाहेर पडतो: ही एसएन-२, दोघे मिळून वेग ठरवतात, हे ‘तोडणं’. आयसोप्रोपिलची अशीच संयुगं दोघांच्या मध्ये, आणि त्यावर पुष्कळ शाई खर्च झाली.

‘तुटणाऱ्याला’ द्रावक किती आधार देतो हे १९४८ साली ग्रुनवाल्ड आणि विनस्टाइन यांनी मोजलं. ८० टक्के अल्कोहोल हा त्यांच्या मोजपट्टीचा शून्य, आणि पट्टीवर आकडा एकनं वाढला की वेग दहापट. त्यात टर्शरी ब्यूटाइल क्लोराइड निम्मं व्हायला २५ अंशांना सुमारे २१ तास लागतात. शुद्ध पाण्याचा आकडा ३.४९, म्हणजे तीन हजारपट वेग. निम्मं व्हायला २४ सेकंद. शुद्ध अल्कोहोलचा उणे २.०३, तिथे तेच काम तीन महिने चालतं. पाण्याचं प्रमाण जरा बदललं की वेग कितीतरी बदलतो, म्हणून या प्रयोगात पिपेटची चूक महागात पडते. आणि तुटल्यावर सगळं अल्कोहोलच होतं असं नाही. ८० टक्के अल्कोहोलमध्ये काही भागाचा इथर होतो, आणि सुमारे १७ टक्के भाग हायड्रोजन टाकून आयसोब्यूटिलीन होऊन उडतो. तेही सॉल्व्होलिसिसच.

एक मात्र सांगतोच. ‘सॉल्व्ह’ आणि ‘लिसिस’ हे एकाच मुळाचे, एक लॅटिनमधून आला, एक ग्रीकमधून. दोन्हींचा अर्थ सोडणं, मोकळं करणं. आपल्याकडे गाठ सोडवतात आणि गणितही सोडवतात. लॅटिनमध्येही तसंच होतं, म्हणून इंग्रजीत गणित ‘सॉल्व्ह’ होतं.

शेवटचं उदाहरण, दोन मिनिटं. नॉरबॉर्निल ब्रोसिलेट हा पिंजऱ्यासारखा रेणू; सुटणारा ब्रोसिलेट गट पिंजऱ्याच्या बाहेरच्या बाजूला असेल तर एक्सो, आतल्या बाजूला असेल तर एंडो. तो ॲसिटिक ॲसिडमध्ये टाकला तर एक्सो रूप एंडोपेक्षा ३५०पट वेगानं तुटतं. विनस्टाइन आणि ट्रायफन, १९४९. विनस्टाइन म्हणाले, शेजारचा कार्बन-कार्बन बंध मागून हात देतो. एच. सी. ब्राउन यांनी ते मानलं नाही, आणि वाद दशकानुदशकं चालला. ओलाह यांनी गट सुटल्यावर उरणारा धनभारित आयन थंडीत टिकवून दाखवला, आणि २०१३ साली त्याची स्फटिकरचना मिळाली, पुलासारखी, विनस्टाइन म्हणत होते तशी. आता याला मराठीत काय म्हणणार? द्रावक तोडत नाही, म्हणून ‘तोडणं’ नाही. रेणू एकटाही तुटत नाही. त्याच्याच अंगातला दुसरा बंध त्याला सोडवतो. म्हणून जर्नलमध्ये मी असं लिहीन: टर्शरी ब्यूटाइल क्लोराइड द्रावकात तुटतं, मिथाइल ब्रोमाइड द्रावक तोडतो, आणि एक्सो नॉरबॉर्निलमध्ये शेजारचा बंध गाठ सोडवतो, द्रावक सुटलेलं टोक धरतो.