चपला घालून फिरणारा महापौर

(दृश्य: नागा शहराचा बाजार, सकाळ. रबरी चपलांच्या चळती.)

या साध्या रबरी चपलेला फिलिपिन्समध्ये ‘त्सिनेलास’ म्हणतात. अंगणात, चिखलात, कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत घालायची. मिरवायची वस्तू नव्हेच. पण या शहराचे महापौर हीच पायात सरकवून वस्त्यांमधून फिरायचे. पुढे त्यांच्या कारभाराच्या पद्धतीलाच ‘त्सिनेलास नेतृत्व’ असं नाव पडलं. जेसी रोब्रेडो.

(दृश्य: नागा नदी. मागे इसारोग पर्वत, ढगांत अर्धा बुडालेला.)

मनिलापासून आग्नेयेला पावणेचारशे किलोमीटरवर हे नागा. वादळांच्या वाटेवरचा मुलूख. सप्टेंबरात याच नदीतून पेन्याफ्रान्सिया मातेची, म्हणजे मेरीमातेची, मिरवणूक निघते आणि काठावर पाय ठेवायला जागा उरत नाही.

(दृश्य: जुना फोटो. हातात फावडं.)

वादळ आणि पूर ओसरला की रस्त्यावर गाळ साचतो. तो उपसायला उतरलेले हे महापौर. थोडा वेळ बघा या फोटोकडे.

(दृश्य: महापालिकेची इमारत, पायऱ्या, ये-जा.)

१९८८. हुकूमशहा फर्डिनांड मार्कोस यांची राजवट कोसळून दोनच वर्षं झालेली. रोब्रेडो २९ वर्षांचे, शिक्षणाने इंजिनिअर, मोठ्या कंपनीतली नोकरी सोडून गावी परतलेले. पाठीवर हात होता नात्यातल्याच लुईस विल्याफुएर्ते यांचा. प्रांताच्या राजकारणातलं हे बडं प्रस्थ. निवडणूक निसटत्या मतांनी जिंकली. मग नात्यात फाटलं. १९९२ मध्ये विल्याफुएर्तेंची सख्खी बहीणच समोर उभी राहिली, आणि हरली.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आपल्याकडे महापौर म्हणजे मान आणि लाल दिव्याच्या आठवणी. खरा कारभार आयुक्तांच्या सहीने चालतो. फिलिपिन्समध्ये तसं नाही. तिथे महापौर हाच शहराचा कारभारी. तिजोरी त्याची, नेमणुका त्याच्या, आणि लोकांचे शिव्याशापही त्यालाच.

(दृश्य: बस टर्मिनल. सामान उतरवणारे हमाल.)

तिजोरीत खडखडाट होता. उत्पन्नावरून ठरणारा शहराचा दर्जा पहिल्या वर्गावरून तिसऱ्यावर घसरलेला. गल्लोगल्ली ह्वेतेंग चालायचा, आकड्यांवरचा जुगार, आपल्या मटक्याचा भाऊच म्हणा. रोब्रेडोंनी ह्वेतेंगवाल्यांच्या मागे लागणं सुरू केलं. वशिल्याच्या भरतीला चाप लावला. बस टर्मिनल मध्यवस्तीतून बाहेर हलवलं, म्हणून मधल्या रस्त्यांना श्वास मिळाला. १९९० मध्ये नागा पुन्हा पहिल्या वर्गात आलं.

(दृश्य: वस्ती. पत्र्याची घरं, दोरीवर कपडे, दारात मुलं.)

या घरांखालची जमीन कुणाची? सगळी गोष्ट या एका प्रश्नाभोवती फिरते. १९८९ मध्ये शहराने ‘काआंताबाय सा काउस्वागान’ ही योजना आणली, म्हणजे प्रगतीतले सोबती. मालक आणि रहिवासी कोर्टात भांडत बसण्यापेक्षा महापालिका मधे बसणार. कुठे मालकाला बदली जागा, कुठे सरळ खरेदी. रहिवाशांनी हप्त्याहप्त्याने पैसे फेडायचे. फुकट काही नाही, पण बुलडोझरही नाही.

(दृश्य: सभागृह. खुर्च्या, हात वर करणारे लोक.)

आणि मग १९९५ मध्ये रीतसर ठराव करून केलेला शहराचा कायदा. शेतकरी, स्त्रिया, रिक्षावाले, वस्तीतली मंडळी, ज्यांच्या ज्यांच्या संघटना होत्या त्या सगळ्यांची मिळून एक ‘लोकपरिषद’. तिचे प्रतिनिधी महापालिकेच्या समित्यांवर बसणार, बोलणार आणि समितीत मतही देणार. निवेदन देऊन हात जोडून बाहेर पडायचं नाही. टेबलाशी खुर्ची.

(दृश्य: भिंतीवरचा फलक. कॅमेरा हळूहळू एकेका ओळीवर.)

पुढे नागरिकांसाठी सनद छापली गेली. कोणता दाखला, किती टप्पे, किती वेळ, टेबलावर कोण. अंदाजपत्रक आणि निविदांचे निकाल इंटरनेटवर टाकले. ज्यांच्याकडे संगणक नाही त्यांच्या हातात छापील पुस्तिका. वाचायला रुक्ष वाटतं खरं, पण कारकुनाच्या टेबलासमोर अर्धा दिवस घालवलेल्या माणसाला विचारा.

(दृश्य: सन्मानपदक, जवळून.)

सलग तीन मुदतींची मर्यादा म्हणून १९९८ मध्ये रोब्रेडोंना पायउतार व्हावं लागलं. ते हार्वर्डला शिकायला गेले. २००० मध्ये मॅगसेसे पुरस्कार मिळाला तेव्हा त्यांच्याकडे कुठलीच खुर्ची नव्हती. त्याच वर्षीच्या यादीत दोन भारतीय नावं आहेत: सरकारी हिशेब मागायला गावकऱ्यांना उभं करणाऱ्या अरुणा रॉय, आणि मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांचे नेते जॉकिन अर्पुथम. हिशेब आणि घराखालची जमीन, नागातलेच दोन्ही विषय.

२००१ मध्ये परतले, आणखी तीन मुदती.

(दृश्य: मनिला. रुंद रस्ते, गर्दी.)

२०१० मध्ये अध्यक्ष बेनिग्नो अकिनो यांनी त्यांना अंतर्गत व्यवहार आणि स्थानिक स्वराज्य खातं दिलं. नागाचा फलक आता देशभर लागला: प्रत्येक प्रांताने, शहराने, गावाने आपला जमाखर्च लोकांसमोर मांडायचा. पोलीस मात्र कागदावरच त्यांच्याकडे होते. त्याच ऑगस्टमध्ये मनिलातल्या बस ओलीस प्रकरणात हाँगकाँगचे आठ जण मारले गेले, टीका त्यांच्यावरही झाली. नेमणुकीला संसदीय आयोगाची मंजुरी शेवटपर्यंत मिळाली नाही.

(दृश्य: मास्बातेचा समुद्र. होड्या, दोर, पाणबुडे.)

१८ ऑगस्ट २०१२. सेबूहून नागाला, घरी, निघालेलं छोटं विमान.

(निवेदन थांबते. फक्त समुद्राचा आवाज.)

तीन दिवसांनी समुद्रात त्यांचा मृतदेह सापडला.

(दृश्य: नागा. मेणबत्त्या, रांग, मग आजचं शहर.)

पत्नी लेनी रोब्रेडो पेशाने वकील. २०१३ मध्ये खासदार, २०१६ मध्ये उपाध्यक्ष, २०२२ मध्ये अध्यक्षपदाच्या लढतीत फर्डिनांड मार्कोस ज्युनियर यांच्याकडून पराभूत. ३० जून २०२५ रोजी लेनींनी नागाच्या महापौरपदाची सूत्रं घेतली. या शहराच्या पहिल्या महिला महापौर.

(दृश्य: पहाट. मनिलाहून आलेली रात्रीची बस टर्मिनलवर लागते. दार उघडतं. एकेक प्रवासी उतरतो.)